नाव कुणी सुचवलं

"कुठल्या डोंगरावर फुलतं गं हे फूल?" मी विचारलं.

नकुसा माझ्या टेबलासमोर उभी होती. ओढणीचं टोक बोटाला गुंडाळत म्हणाली, "डोंगरावर म्हंजे... डोंगरावरच, बाई."

"आपल्या सह्याद्रीत का हिमालयात?"

"हिमालयात." उत्तर फटकन आलं. हिमालय लांब पडतो, बाई काही तिकडं बघायला जायच्या नाहीत, एवढा विचार पोरीनं तेवढ्यात केला असणार. होती आठवीत, पण डोकं बारावीचं.

टेबलावर तिचा फॉर्म होता. जुने नाव: नकुसा मारुती शेडगे. नवे नाव: अनीप्सिता मारुती शेडगे. नावाचा अर्थ: डोंगरावर फुलणारे निळे फूल. उगम: संस्कृत. नाव कुणी सुचवले: घरच्यांनी. सगळं तिच्याच मोत्यासारख्या अक्षरात. खाली आईची सही, एकेक अक्षर सुटं सुटं काढलेली.

"घरच्यांनी म्हणजे कुणी? आईनं?"

"सगळ्यांनी."

"आजीनं पण?"

ती दाराकडं बघत म्हणाली, "तास सुरू झालाय बाई. जाऊ?"

गेली. आणि माझ्या डोक्यात भुंगा सोडून गेली.

माझा स्वभाव मुळातच संशयी, हे आधीच सांगून टाकते. भाजीवाल्यानं स्वतःहून चार मिरच्या जास्त टाकल्या, तर मी घरी येऊन आधी वांगी उलटीपालटी करून बघते. आमच्या सासूबाई म्हणायच्या, "कुंदाला देव जरी भेटला तरी ती आधी त्याचं रेशनकार्ड मागेल." घरात या स्वभावाचा सगळ्यांना ताप. पण त्या वर्षी शाळेला त्याचा उपयोग झाला, निदान पिसाळसरांना तसं वाटलं. पिसाळसर म्हणजे आमचे मुख्याध्यापक. कुणाच्या तरी गळ्यात काम घालायचं आणि मग "तुमच्याशिवाय कोण करणार, ताम्हणेबाई" म्हणायचं, ही त्यांची पद्धत.

काम होतं नावांचं. आमच्या भागात एखाद्या घरी लागोपाठ मुली झाल्या, की तिसरीचं नाहीतर चौथीचं नाव नकुसा ठेवायचे. नकोशी झालेली ती नकुसा. असं नाव ठेवलं की देवाला कळतं, या घराला आता मुली नकोत, आणि मग पाठीवर मुलगा होतो, अशी समजूत. आमच्या एकट्या शाळेत अशा अकरा नकुसा होत्या. आठवी अ मध्येच तीन: नकुसा खरात, नकुसा मदने, नकुसा शेडगे. मी वीस वर्षं ती नावं हजेरीला वाचत होते. पहिल्या वर्षी लाज वाटायची. खरं सांगते, पुढं पुढं तीही वाटेनाशी झाली.

मग त्या जूनमध्ये वरून पत्र आलं. या मुलींची नावं बदलायची. मुलीनं घरच्यांशी बोलून नवं नाव निवडायचं, शाळेनं त्याचा अर्थ आणि उगम तपासायचा, आणि जानेवारीत यादी पाठवायची. एकदा यादी गेली की संपलं. मग शाळेच्या दाखल्यापासून लग्नपत्रिकेपर्यंत तेच नाव.

मला वाटलं, सोपं काम आहे. कसलं सोपं! मी कॉम्प्युटरच्या खोलीत बसून नावांच्या साइट उघडायची. एका साइटवर एका नावाचा अर्थ 'सूर्याचा किरण', दुसरीवर 'राजकन्या', तिसरीवर 'ग्रीक देवता', आणि लिहिणाऱ्याला काहीच सुचलं नाही तर 'लक्ष्मीचे एक नाव'. लक्ष्मीला एवढी नावं आहेत हे तिलासुद्धा ठाऊक नसेल. एका मुलीनं आणलेलं नाव 'संस्कृत, वेदकालीन' असं छापलेलं होतं. शोधत गेले तर ते टीव्हीवरच्या मालिकेतल्या सुनेचं निघालं, त्याच्या आधी कुठंच नाही. मुलगी म्हणाली, "असूंदे की बाई, लई चांगली सून हाय ती." ते मी असू दिलं.

पण एक प्रकरण जिव्हारी लागलं. नकुसा मदनेचे आजोबा स्वतः फॉर्म घेऊन आले. नवं नाव अंतिमा, अर्थ 'श्रेष्ठ'.

"आजोबा, अंतिमा म्हणजे शेवटची," मी म्हटलं.

"मग शेवटचीच हाय की!"

"अहो, म्हणजे नकोशी काढायचं आणि 'आता बास' ठेवायचं?"

"ऐकायला चांगलं वाटतंय न्हवं बाई?" म्हातारा अगदी समजुतीनं बोलला. "तुमी सांगितलं न्हाई तर कुणाला कळतंय?"

मी तो फॉर्म त्यांच्यासमोर फाडला. पोरीचं नाव स्वाती झालं. पण त्या दिवसापासून मी ताकही फुंकून प्यायला लागले. ही माणसं नाव बदलतील, पण आतला माल तोच ठेवतील, हे माझ्या मनानं घेतलं ते घेतलंच.

आणि आता हे अनीप्सिता. कानाला गोड. नेमकं म्हणूनच मला ते खुपायला लागलं. शेडगेवस्तीवरच्या ज्या घरात पंचांगाशिवाय छापील कागद येत नाही, तिथून हे नाव आलं कसं? कुणीतरी शिकलेल्यानं पुरवलेलं असणार. कुठंतरी पाणी मुरत होतं. नेटवर बघितलं, तर जिथं कशालाही लक्ष्मीचं नाव म्हणतात तिथंसुद्धा या नावावर एक ओळ नव्हती.

शनिवारी शाळा सुटल्यावर मी मराठीचं कपाट उघडलं. तळाशी एक जुना संस्कृत-मराठी कोश होता, पाठीचा पुठ्ठा निघालेला. पान सापडायला वेळ लागला नाही.

'अनीप्सित. वि. ज्याची इच्छा केलेली नाही असा, नको असलेला.'

मी चष्मा पुसून पुन्हा वाचलं. नको असलेली. तेच नाव, फक्त रेशमी परकर नेसवलेला.

संताप संताप झाला माझा. कोश तसाच काखेत मारून मी पिसाळसरांच्या खोलीत गेले. त्यांनी वाचलं, मान हलवली आणि म्हणाले, "अहो ताम्हणेबाई, सोमवारी यादी जायचीय. एवढं संस्कृत कळणार कुणाला? सोडून द्या."

"मला कळलंय ना."

"मग उद्या रविवार आहे. काय ते उद्याच करा."

रविवारी सकाळी मी शेडगेवस्तीची वाट धरली. एसटीच्या फाट्यापासून दोन किलोमीटर, दोन्ही बाजूंना बाभळी. वाटेत मी काय काय बोलायचं ते घोटून ठेवलं. गुन्हेगार कोण ते माझ्यापुरतं ठरलेलं होतं. आजी. यसाबाई शेडगे. बाई खमकी होती. मागं एकदा शाळेत येऊन मलाच म्हणाली होती, "पोरीस्नी येवढं शिकवून काय कलेक्टर करताय व्हय?" बाप मुंबईच्या बाजारात माथाडी, वर्षातून दोनदा यायचा. घरात शब्द चालायचा तो म्हातारीचा.

पत्र्याचं दोन खोल्यांचं घर. दारात यसाबाई शेंगा फोडत बसली होती. आत तिची सून रखमा, म्हणजे नकुसाची आई, भाकरी थापत होती. नकुसा धाकट्या भावाला, शंभूला, घेऊन शेळ्या चारायला गेलेली. थोरल्या तिघींपैकी दोघींची लग्नं झाली होती आणि तिसरी मामाकडं होती.

पाणी दिलं, बसायला पोतं टाकलं. मी सरळ विषयाला हात घातला.

"आजी, नातीचं नाव कुणी काढलं?"

"मीच की." शेंग कडकन फुटली. "चौथी पोरगी. म्या म्हणलं, नकुसा. त्यात लपवायचं काय? खोटं कशाला बोलू बाई, तिसरीपातुर मी दवाखान्यात गेले. चौथीचा निरोप आला तवा जाग्यावरनं उठलेसुदिक न्हाई. पाचव्या दिशी ही पोरीला घिऊन उंबऱ्यात आली, तवा मी तिचं त्वांड बघितलं. म्हणलं, आली का नकुसा."

आत भाकरीचा आवाज थांबला, आणि पुन्हा सुरू झाला.

"जुनं नाही विचारत. नवं. अनीप्सिता. कुठल्या शहाण्यानं दिलं तुम्हाला?"

यसाबाई माझ्याकडं बघतच राहिली. "त्ये? त्ये तर तुमीच काढलंय न्हवं?"

"मी?"

रखमा पिठाचे हात घेऊन दाराशी आली. "पोरगी म्हणली, बाईंनी मोठ्या पुस्तकातनं काढलंय. निळ्या फुलाचं हाय म्हणली. हितं सही कर म्हणली, म्या केली. आमाला कुणी कुठं इचारलं?"

शाळेत घरच्यांचं नाव सांगितलं आणि घरी शाळेचं. दोन्हीकडं थाप! घोटून आणलेलं भाषण गेलं वाऱ्यावर.

"फुलाबिलाचं नाही ते," मी म्हटलं. "मी कोशात बघितलंय. त्याचा अर्थ नको असलेली. म्हणजे नकुसाच."

यसाबाईची शेंग हातातच राहिली. रखमा म्हणाली, "पुन्यांदा?" आणि तिथंच उंबऱ्यावर टेकली. आत तव्यावरची भाकरी करपल्याचा वास आला, तरी ती उठली नाही.

माझ्या डोक्यात मात्र चक्रं फिरायला लागली होती. वर्षभर वह्या ठेवायला कपाटाची किल्ली मी कुणाला देत होते? वर्गाच्या मॉनिटरला. मॉनिटर कोण? नकुसा शेडगे. चार हात लांबचा चोर शोधत आले होते आणि किल्ली मीच दिली होती.

तेवढ्यात शेळ्यांच्या घंटा वाजल्या. नकुसानं दारातून मला पाहिलं आणि तिचा चेहरा पांढरा पडला. पाठीमागे शंभू होता, दहा वर्षांचा, काटकुळा, शर्टाचं वरचं बटण तुटलेलं.

"काय गं, हिमालयातनं आलीस का?" मी म्हटलं. असं कुजकं बोलायला नको होतं. आजही आठवलं की जीभ चावावीशी वाटते.

तिनं आधी भावाकडं बघितलं. "शंभू, जा, शेळ्यांना पाणी दाव." तो गेल्यावर ती आत येऊन भिंतीला टेकून उभी राहिली.

"कोशातून तू शोधलंस?"

मान हलली.

"अर्थ माहीत होता?"

"अर्थासाठीच शोधलं, बाई."

"कुणी करायला लावलं? आजीनं?" माझा संशय अजून म्हातारीला सोडत नव्हता. "घाबरू नकोस, मी आहे इथं. खरं सांग."

"कुणी न्हाई." ती दाराबाहेर बघत होती. हौदापाशी शंभू शेळीच्या शिंगांशी खेळत होता. "बाई, जूनमध्ये तुम्ही वर्गात ते पत्र वाचून दाखवलं, नावं बदलायचं. गुरुवार होता. शुक्रवारी शंभूला ताप आला. कावीळ निघाली. तेरा दिवस दवाखान्यात होता. आजी रोज रडायची. म्हणायची, चार पोरींवर झालाय, नकुसाच्या नावानं देवानं दिलाय. मी देवळात जाऊन सांगितलं, मी न्हाई नाव बदलायची. मग तो बरा झाला."

तिनं ओढणीचं टोक पुन्हा बोटाला गुंडाळलं.

"आता तुम्ही म्हणालात, बदलावंच लागंल. मग मी असं बघितलं, की सरकारला नवं आणि देवाला तेच." आणि मग तिनं मला विचारलं, अगदी गणितातली शंका विचारावी तसं, "देवाला संस्कृत येतं न्हवं, बाई? सगळे मंत्र त्यातच असत्यात."

दुसऱ्या कुणाला हसू आलं असतं. मला नाही आलं. ही पोर एकटी त्या कपाटापाशी बसून, पानं उलटून, स्वतःसाठी 'नकोशी' शोधत होती.

मी तिला समजवायला लागले. कावीळ खराब पाण्यानं होते. त्या महिन्यात गावात आणखी सहा जणांना झाली होती, त्यांच्या घरी कुणाचं नाव बदलत होतं? आणि नावानं भाऊ होत असता, तर नकुसा खरातला का नाही झाला? तिच्या पाठीवर आणखी दोन बहिणी आल्या.

"तिचं काम झालं न्हाई," ती म्हणाली. "माझं झालं."



तिनं कोनाड्यातनं वही काढली, एक कोरं पान फाडलं आणि पेनासकट माझ्यापुढं धरलं. "बाई, तुम्ही सगळं तपासून मगच सही करता ना? मग यावर लिहून द्या. नाव बदललं तरी शंभूला काही होणार न्हाई. खाली सही करा. मग तुम्ही सांगाल ते नाव घेते मी."

पेन माझ्या हातात आलं. दोन शब्द लिहायचे होते. पण उद्या त्या पोराला साधा ताप आला असता, शेळीनं ढुशी मारली असती, तरी या मुलीनं जन्मभर ते स्वतःच्या माथी घेतलं असतं, आणि हातात माझ्या सहीचा कागद! मी कागद मांडीवर ठेवला. मला नाही लिहिता आलं.

"बघा," ती हळूच म्हणाली. "तुम्हालाबी म्हाईत न्हाई."

मग रखमा उठली. पदराला हात पुसले आणि लेकीच्या समोर जाऊन उभी राहिली. त्या घरात मी दोन-तीनदा आले होते, पण ही बाई 'चहा घ्या' पलीकडं काही बोललेली मला आठवत नव्हती.

"तुजं नाव नकुसा न्हाईच," ती म्हणाली.

"म्हंजे?"

"आजीनं ठिवायच्या आधी म्या ठिवलंय. दवाखान्यात. नर्सनं तुला पुसून माझ्याजवळ ठिवलं, आन् ती गेली. तवा म्या तुझ्या कानात सांगितलं, बारशाला आत्या सांगती तसं. कानात पयलं जे सांगत्यात तेच नाव देवाला कळतं. मागनं लोकं काय का हाका मारंनात."

नकुसाचे डोळे बारीक झाले. ती नजर मी ओळखली. माझीच नजर होती ती.

"कुठल्या कानात?" तिनं विचारलं.

"डाव्या. उजव्या अंगावर निजलीवतीस."

"काय नाव सांगितलंस?"

"हौसा."

"हौसा?"

"हौसेनं झालेली म्हून हौसा." रखमाचा आवाज चढला. "मला तू हवी हुतीस. तुझ्या आधीच्या तिघी बी हव्या हुत्या. मला पोरी आवडत्यात! कुणी इचारलं का मला कधी, तुला काय हवं म्हून?"

"मग हाक का न्हाई मारलीस?"

रखमानं सासूकडं पाहिलं नाही, पण पाहिल्यासारखंच झालं. "धीर झाला न्हाई गं. माझं चुकलं. पण शंभू झाला तवा देवाच्या लेखी तुजं नाव हौसाच हुतं. तो हौसाच्या पाठीवर आलाय. नकुसाच्या न्हाई."

मी वीस वर्षं परीक्षेत कॉपी करणारी पोरं पकडली आहेत. खोटं बोलणाऱ्याची मान कुठं वळते, हात कुठं जातो, सगळं मला कळतं. पण रखमाकडं बघून मला काही म्हणजे काही कळेना. डाव्या कानाचं उत्तर तिनं विचार न करता दिलं होतं. आठवत असलं तरी माणूस असंच देतं, आणि लेकरासाठी रचलेलं असलं तरी असंच देतं.

नकुसालाही कळेना. ती आईकडं बघत राहिली, मग माझ्याकडं. मी मान खाली घातली. शेवटी ती यसाबाईकडं वळली. तिचा हिशेब मला समजला. आई लाड म्हणून बोलेल, बाई समजूत म्हणून बोलतील. आजी मात्र तिच्या बाजूनं आजवर एक शब्द बोललेली नव्हती.

"आजे," ती म्हणाली, "खरं हाय का हे?"

म्हातारी या पोरीच्या वेळी दवाखान्यात पाऊलसुद्धा ठेवायला गेली नव्हती, हे तिनंच मला अर्ध्या तासापूर्वी सांगितलं होतं, आणि वर 'खोटं कशाला बोलू' म्हणाली होती. आता ती नुसतं "मला काय ठावं" म्हणाली असती तरी सगळं मुसळ केरात गेलं असतं. रखमानं डोळे मिटून घेतले.

यसाबाईनं मांडीवरची टरफलं झटकली.

"व्हय," ती म्हणाली. "मी हुते की दाराशी उभी. ऐकलं म्या. हौसा म्हणली ती तुला. म्याच दाबून टाकलं. मला नातू पायजे हुता. माझ्या जिभंला हाड न्हवतं, म्हून नकुसा म्हणत ऱ्हायले. तुजं नाव न्हाई त्ये."

नकुसा जागची हलली नाही. मग ती एकदम खाली बसली आणि हमसून हमसून रडायला लागली. रखमानं तिला कुशीत घेतलं. पिठाचे डाग तिच्या केसांना लागले.

"म्हातारीचं नाव हाय हे," ती रडता रडता म्हणाली. "वर्गात सगळ्यांची श्रेया आन् स्वाती. मला हसतील."

"हसूंदेत," रखमा म्हणाली. "मीबी हसंन."

शंभू धावत आत आला. "ताई का रडतीय?" तिनं नाक पुसत विचारलं, "पाणी दावलंस का सगळ्या शेळ्यांना?"

मी पिशवीतून कोरा फॉर्म काढला. हौसा या नावाला कोश उघडावा लागत नाही. अर्थ लिहिला. नाव कुणी सुचवले, तिथं 'आईने' लिहिलं. रखमानं सही केली, एकेक अक्षर सुटं सुटं. जुना फॉर्म हौसानं स्वतः फाडला, आणि तुकडे चुलीत टाकून आली.

निघाले तेव्हा यसाबाई मला वाटेला लावायला आली. हे नवल होतं. शेवटच्या बाभळीपर्यंत ती माझ्याबरोबर चालत आली. माझा स्वभाव मात्र मेल्याशिवाय जायचा नाही. मी विचारलंच.

"आजी, रखमानं खरंच सांगितलं होतं का कानात?"

ती थांबली. पदर डोळ्यांना लावला. मी तिला पहिल्यांदाच असं बघत होते.

"मला कसं ठावं असंल, बाई? गेले असते, तर ऐकलं असतं की."

मी पिशवीवर फॉर्म पसरला. तळाशी साक्षीदाराची ओळ रिकामी होती.

"इथं तुमचा अंगठा लागेल."

"खोट्यावर घेताय व्हय अंगठा?" तिनं विचारलं. "तुमी तर सगळं तपासून घेता."

"लावा," मी म्हटलं.

मी पेनातली शाई तिच्या अंगठ्याला माखली. तिनं तो ओळीवर टेकवला, आणि बराच वेळ उचललाच नाही.